पाहणीचा कार्यक्रम

पिंपरी, ता. १८ ऑगस्ट १९६८

चि. सौ. मृदुलास, दादाचे अनेक आशीर्वाद.

पत्रास कारण की, तुझ्या वडील बंधूवर घोर अन्याय चालू आहे. श्रावणासारख्या पवित्र महिन्यात तो कोरा चहा पितो आहे. तुझी पद्मजावहिनी म्हणते, काढा समजून प्या. काढ्याला निदान गुण तरी असतो!

कारण आमची दूधवाली गोजाबाई. पवनेला पूर आला, त्यात रहाटणीला नदीकाठच्या तिच्या घराची मागची भिंत अख्खी बसली. म्हशी वाचल्या, पण धसक्याने दूध चोरताहेत. सरकारी मदत मिळाली तर भिंत उभी राहील. नाहीतर म्हशी विकून माणला भावाच्या आश्रयाला जायचं. बाई विधवा, एकटी, आणि भावजयीच्या हातचा तुकडा तिला नको आहे.

आता गंमत ऐक. चावडीवरून निरोप आला की सर्कलसाहेब नुकसानीसाठी घराची पाहणी करायला येणार. साहेब घर बघायला येणार म्हटल्यावर बाईंनी मुलगी बघायला येणार अशी तयारी केली. गाळ उपसला, जमीन सारवली, रांगोळी काढली आणि जिथे भिंत नव्हती तिथे आमच्या पद्मजेकडून मागून नेलेली फुलाफुलांची चादर ताणून बांधली. साहेबांनी चहा घेतला. पडद्याआड बायकामाणसं असतील म्हणून सभ्य गृहस्थ तिकडे फिरकलेही नाहीत. पंचनाम्यात लिहून गेले, घर सुस्थितीत.

मी विचारलं, तर बाई म्हणतात की पाव्हण्याला पडकं घर दावायचं म्हंजी लाज न्हाई का! यावर आम्हा मास्तरांच्या व्याकरणात सूत्र नाही. तुझे यजमान मामलेदार कचेरीत आहेत. श्यामरावांना विचारून उपाय कळव.

लोभ आहेच, तो आमच्या चहासारखा पातळ होऊ देऊ नये.

श्रीपाद

*

सातारा, ता. २३ ऑगस्ट १९६८

ती. दादांस, मृदुलाचा शि. सा. न. वि. वि.

पत्र वाचताना इतकी हसले की सासूबाई माजघरातून बघायला आल्या. मग वाईट वाटलं. गोजाबाईंच्या जागी मीही चादरच शोधली असती.

हे म्हणतात की फेरपाहणीचा अर्ज लगेच द्या, शेजाऱ्यांच्या सह्या घ्या. मदतीची यादी वर गेली की हलवणं कठीण. माझं सांगणं एवढंच की अर्ज साध्या मराठीत लिहा. मागे नळाला पाणी नव्हतं तेव्हा तुम्ही ग्रामपंचायतीला 'जलाभाव' म्हणून लिहिलंत, आणि हे जलाभाऊ राहतात कुठे, अशी त्यांनी चौकशी केली होती. आणि साहेब येतील त्या दिवशी गोजाबाईंच्या हाती केरसुणी लागू देऊ नका!

वहिनींना नमस्कार. माया आहेच, ती पुरासारखी ओसरू नये.

आपली,
मृदुला

*

पिंपरी, ता. १२ ऑक्टोबर १९६८

चि. सौ. मृदुलास, अनेक आशीर्वाद.

जिंकलो! अर्ज साधाच लिहिला. 'भित्तिपात' एवढा एक शब्द निसटला होता, तो पद्मजेने खोडला. फेरपाहणीच्या दिवशी बाईंच्या शेजारचा सोनबा कंपनीतला ओव्हरटाइम सोडून हजर राहिला आणि केरसुणी सकाळीच आपल्या घरी नेऊन ठेवली. बाई पदर सावरत कोपऱ्यात उभ्या, जणू घर नव्हे, त्याच उघड्यावर पडल्या आहेत. साहेबांनी विचारलं की मागच्या खेपेचा पडदा कुठे गेला. त्यावर त्या म्हणाल्या की त्यो मास्तरणीचा व्हता, धुऊन परत दिला. माझं म्हनाल तर एवढंच हाय. आणि मोकळ्या जागेकडे हात केला. तिथून पवना सरळ दिसत होती. साहेबांनी मागचा पंचनामा काढला. मग स्वतःचाच शेरा खोडून, मोठ्याने उच्चारत त्यांनी लिहिलं, घर राहण्यास अयोग्य.

झालं! बाई उसळल्या. अयोग्य कोनाला म्हंता, ह्याच घरात सासू-सासऱ्यांचं केलं, ह्याच घरातनं पोरी उजवल्या, असा पट्टा सुटला. साहेब घाबरून हाही शेरा खोडतात की काय, अशी वेळ आली! मी मध्ये पडलो. जन्मभर मुलांच्या वह्यांवर 'अयोग्य' लिहीत आलो, पण तो शब्द शुभवार्ता म्हणून समजावून सांगायची पाळी पहिल्यांदाच आली. पटल्यावर बाईंनी साहेबांना बजावलं की मग बारीक नगं, चांगलं ठळक लिवा.

मदत मंजूर झाली. विटांची भिंत उभी राहिली, वर पत्रे चढले. काल बाईंनी माणहून भाऊ-भावजयीला मुद्दाम बोलावलं, नव्या भिंतीला टेकवून बसवलं आणि पुरे पुरे म्हणेपर्यंत पुरणपोळी वाढली. भावजयीला दोन जास्तच. सोनबाने निवडणूक जिंकल्यासारखा गुलाल उधळला. माझ्या पांढऱ्या टोपीचं काय झालं ते पद्मजेला विचार.

श्यामरावांना नमस्कार. लोभ असाच राहो. पहिल्या पाहणीत दिसला नाही तर फेरपाहणी करावी.

तुझा,
दादा

ता. क. हे पद्मजेलाही बोललो नाही. भिंत जुन्याच पायावर उठली आहे. वरच्या अंगाला जागा मिळते का, हे विचारायचं कुणालाच सुचलं नाही, मलाही नाही. काल पंगतीत सगळे हसत होते, आणि मला भिंतीपलीकडून नदी ऐकू येत होती. पुढच्या पावसाळ्याची मला भीती वाटते.