अर्ध्या घराचे रोडगे

चिखली,
१० डिसेंबर २०२३

ती. ताईस,
प्रेमानंदचा सविनय जयभीम. वि. वि.

पैशाचं बोलणं फोनवर नाही, कागदावर करायचं, हा तुझा नियम. म्हणून पत्र लिहायला बसलो.

मागच्या रविवारी आपल्याकडे गोवऱ्यांवर भाजलेल्या रोडग्यांचं जेवण झालं. गुडघ्यामुळे तुला येता आलं नाही, सगळ्यांनी विचारलं. साठ माणसं जेवली. आमच्या कॉलेजचा अख्खा ऑफिस स्टाफ होता. हेडक्लार्क शालिग्राम यांनी सात रोडगे खाल्ले आणि दुसऱ्या दिवशी रजा टाकली. वांग्याच्या भाजीसाठी छायाचं नाव निघालं.

जेवण कशाचं, असं तू विचारशीलच. घराच्या कर्जाला नोव्हेंबरात दहा वर्षं झाली. वीस वर्षांचं कर्ज, दहा संपली, म्हणजे अर्धं घर आपलं झालं. लोक बारशाचं जेवण घालतात, मी अर्ध्या घराचं घातलं. कर्ज देणाऱ्या कंपनीचे शेखरभाऊही आले होते. ते म्हणाले, तुमचा एक हप्ता चुकला नाही, असे ग्राहक कुठे मिळतात? वर एक मजला चढवा, आठ लाख लगेच देतो. मला पटलं. वर भाडेकरू ठेवू. २०३३ मध्ये नोकरी आणि कर्ज एकाच महिन्यात संपेल आणि भाडं सुरू राहील.

सोबत फॉर्म आहे. मागच्या वेळेसारखीच जामीनदार म्हणून तुझी सही लागेल. तीन ठिकाणी पेन्सिलीने फुली केली आहे. वाचत बसू नकोस, सगळं इंग्रजीत आणि बारीक आहे. खातेउताराही जोडला आहे, तुला आकडे बघायला आवडतात म्हणून.

छायाचा जयभीम. गुडघ्याला शेक देत जा. माया आहे तशीच राहू दे.

तुझा,
प्रेमानंद


खामगाव,
१७ डिसेंबर २०२३

चि. प्रेमानंद यास,
अनेक आशीर्वाद आणि जयभीम. वि. वि.

पत्र मिळालं. वाचून आनंद झाला असं लिहायची पद्धत आहे. मला आनंद झाला नाही, शिसारी आली. कोणाची ते पुढे कळेल. थोडी तुझीही.

फॉर्मवर सही केलेली नाही. तीन दिवस तुझा खातेउतारा घेऊन बसले होते. वर्षं अर्धी झाली म्हणजे घर अर्धं झालं, हे तुला कोणी सांगितलं? हप्ता दर महिन्याला सारखा असतो, म्हणून माणसाला वाटतं की घरही सारखंच सुटत जातं. तसं होत नाही. आधी व्याज उचललं जातं, उरेल ते मुद्दलाला. पहिल्या महिन्यात तू अठरा हजार पाचशे एकोणऐंशी रुपये भरलेस. त्यातले साडेसोळा हजार व्याजात गेले. घराला लागले दोन हजार एकोणऐंशी. साहजिकच मुद्दल मुंगीच्या पावलांनी उतरतं आणि पुढच्या महिन्याचं व्याज पुन्हा जवळजवळ तेवढंच.

आता एकूण बघ. कर्ज अठरा लाख. दहा वर्षांत तू भरलेस बावीस लाख एकोणतीस हजार. नोव्हेंबरअखेर बाकी आहे तेरा लाख शहाऐंशी हजार. म्हणजे मुद्दल फिटलं चार लाख चौदा हजार, आणि व्याज गेलं अठरा लाख पंधरा हजार. घेतली होती त्याहून जास्त रक्कम तू नुसत्या व्याजात देऊन बसलास. अर्धं घर कुठलं? चार खोल्यांपैकी स्वयंपाकघर तेवढं तुझं झालं, तेही ओटा सोडून.

आणखी आहे. गेल्या वर्षी नोव्हेंबरात दर अकराचा साडेतेरा झाला. हप्ता मात्र तेवढाच राहिला. मग वाढलेलं व्याज घेणार कुठून? मुदत लांबवून. उताऱ्यात तसं एका ओळीत कुठेच लिहिलेलं नाही, मी दोनदा मांडून पाहिलं. तुझा शेवटचा हप्ता जून २०३७ चा आहे. नोव्हेंबर २०३३ ला तू निवृत्त होणार. त्यानंतरचे त्रेचाळीस हप्ते पेन्शनमधून जातील. अठरा लाखांच्या घराचे एकूण साडेबावन्न लाख होतात, आणि यात वरचा मजला धरलेला नाही.

आणि तो शेखर. हे सगळं ज्याला रोज समोरच्या स्क्रीनवर दिसतं, तो तुझ्या पंगतीत बसून रोडगा कुस्करतो, वर तूप ओतून घेतो, आणि हात धुता धुता तुला आणखी आठ लाख वाढतो. त्याच्या ताटाचा विचार करून मला कालपासून जेवण जात नाही.

सही करणार नाही. तुला राग येईल, येऊ दे. उत्तर मात्र पाठव. छायाला आशीर्वाद. तब्येतीची हेळसांड करू नये, बी.पी.ची गोळी चुकवू नये.

तुझी,
ताई


चिखली,
२७ डिसेंबर २०२३

ती. ताईंना,
छायाचा जयभीम. वि. वि.

हे पत्र यांना न सांगता लिहीत आहे. तुमच्या पत्राचं पहिलं पान यांनी वाचलं आणि सगळं टीव्हीच्या खाली सारून दिलं. म्हणाले, ‘ताईले रिटायर झाल्यापासून काम नाही, म्हणून आकडेमोड करत बसते.’ तुम्ही मनावर घेऊ नका. तुमच्यावर ओरडायची हिंमत नाही, म्हणून ते टीव्हीवर ओरडतात.

शेखरभाऊंनी आता सांगितलं की ताईंची सही नसली तरी चालते, वहिनींची द्या. बारा जानेवारीला हे मला कंपनीच्या ऑफिसात नेणार आहेत.

ताई, मी दुसरं पानही वाचलं. जून २०३७ वाचून मी उठून फोन काढला, कारण ते मी आधी पाहिलं होतं. यांनी कंपनीत दिलेला जुना नंबर आता माझ्या फोनात आहे. मागच्या वर्षी त्यावर इंग्रजीत मेसेज आला. माझी दहावीची इंग्रजी, पण महिना आणि साल कळलं. मी शेखरभाऊंना फोन केला. ते म्हणाले, ‘हप्ता वाढला का वहिनी? नाही ना? मंग काऊन टेन्शन घेता?’

मी यांना सांगितलं नाही. हे ऑफिसातून आले की आधी घरात येत नाहीत. गेटाबाहेर गाडी उभी करून दोन मिनिटं घराकडे पाहतात, मग आत येतात. त्या माणसाला कसं सांगायचं? साठ माणसांचे रोडगे थापले तेव्हा पूर्ण वेळ तो मेसेज माझ्या डोक्यात होता. आता काय करू ते लिहा. रागवा, पण लिहा.

तुमची,
छाया


खामगाव,
२ जानेवारी २०२४

चि. छाया हिस,
आशीर्वाद आणि जयभीम. वि. वि.

रागवायला सांगितलंस, ते काम झालं. वर्षभर हे पोटात ठेवून तू साठ माणसं जेवू घातलीस, याची मला चीड आली आणि नंतर कीव आली. आता पुढचं.

तू त्याच्याबरोबर जा. भांडू नकोस, सहीही करू नकोस. शेखरला दोनच गोष्टी विचार: आज बाकी किती, आणि शेवटचा हप्ता कोणत्या महिन्याचा. उत्तर कागदावर माग. तो टक्के सांगेल, योजना सांगेल, चहा मागवेल. तू पुन्हा तेच दोन प्रश्न विचार. उत्तर द्यायचं नसलं की माणूस दुसरंच बोलतो, हे मी वर्गात तीस वर्षं पाहिलं आहे.

मेसेजचं प्रेमानंदला तूच सांग. माझ्याकडून कळायला नको. धीर सोडू नये, एवढंच मागणं.

तुझी,
ताई


चिखली,
१४ जानेवारी २०२४

ती. ताईंना,
छायाचा जयभीम. वि. वि.

तुम्ही लिहिलं तसंच झालं. शेखरभाऊंनी चहा मागवला, मग दुसऱ्यांदा मागवला. नव्या वर्षाचं कॅलेंडर दिलं. वरच्या मजल्यावर गॅलरी कशी काढायची तेही सांगितलं, जसं काही तेच गवंडी. मी पदर सावरून म्हटलं, ‘भाऊ, चहा झाला. शेवटचा हप्ता कोन्या सालचा ते लिहून द्या, मंग मी सही करतो.’

ते म्हणाले, कॉम्प्युटर स्लो आहे. हे हसले आणि मलाच म्हणाले, अगं तेहतीस साल, मला तोंडपाठ आहे. मग शेखरभाऊंना म्हणाले, सांगून टाका हो तिला. शेखरभाऊंनी तिसरा चहा मागवला. ताई, तेव्हाच यांना कळलं. चेहरा उतरत गेला. हे उठले, टेबलाच्या पलीकडे गेले आणि स्वतःच स्क्रीन पाहिली.

मग एकच विचारलं, ‘माह्या घरी जेवाले बसले, तवा तुमाले हे माहीत होतं?’

शेखरभाऊ म्हणाले, ‘सर, सगळ्यांचंच असं असते.’

कॅलेंडर तिथेच ठेवून आम्ही निघालो. गाडी असून हे बसले नाहीत, घरापर्यंत ढकलत आणली. मी वाटेतच मेसेजचं सांगितलं. ‘हाव’ म्हणाले, बस. घरी आल्यावर तुमच्या पत्राचं दुसरं पान वाचलं. दोन दिवस झाले, कामापुरतंच बोलतात. गोळी मात्र मी हातावर ठेवून देते आणि घेतात. तुमचं लक्ष आमच्याकडे असू द्या.

तुमची,
छाया


चिखली,
२० जानेवारी २०२४

ती. ताईस,
जयभीम.

फॉर्म फाडून टाकला. तू लिहिलेला एक एक आकडा खरा निघाला. शालिग्राम यांना परवा सांगितलं, कारण माझं जेवण जेवून तेही शेखरकडे पंचवीस लाखांची चौकशी करून आले होते. सांगताना मान वर करता आली नाही.

आता मला विचारायचं आहे. २०१३ मध्ये जामीनदार तू होतीस. तीन सह्या तुझ्या आहेत. नववीच्या पोरांना चक्रवाढ व्याज तू शिकवायचीस. मलाही तूच शिकवलंस, चुकलो की पट्टी मारून. तेव्हा काऊन नाही सांगितलं?

छाया घाबरली होती, तिच्यावर रागावता येत नाही. शेखर परका आहे. राहिलीस तू. पत्राच्या शेवटी नेहमी लिहितो ते वाक्य आज लिहवत नाही.

प्रेमानंद


खामगाव,
२८ जानेवारी २०२४

चि. प्रेमानंद यास,
अनेक आशीर्वाद. वि. वि.

तुझ्या प्रश्नाचं उत्तर मला पहिल्याच दिवशी माहीत होतं. लिहायला आठवडा लागला.

मी वाचलं नव्हतं. तू फॉर्म घेऊन शाळेत आलास तेव्हा मधली सुट्टी होती. स्टाफरूममध्ये उभ्या उभ्या मी तीन सह्या केल्या आणि सगळ्या शिक्षिकांना सांगितलं की माझा भाऊ घर बांधतो आहे. बाबांचं सगळं आयुष्य उंद्रीला कुडाच्या भिंतीत गेलं. आपल्यात सिमेंटचं घर बांधणारा तू पहिला. कागद वाचायला घेतला असता तर तुला वाटलं असतं, ताईला खात्री नाही. म्हणून वाचला नाही. आणि मग घंटा झाल्यावर वर्गात जाऊन मुलांना व्याज शिकवायला मोकळी. ‘एका माणसाने अमुक दराने कर्ज घेतले’ असं फळ्यावर वर्षानुवर्षं लिहिलं. तो माणूस माझ्या घरातला असेल असं एकदाही मनात आलं नाही. शेखरच्या ताटाबद्दल मी एवढं लिहिलं. त्याने निदान वाचून फसवलं. मी न वाचता हातभार लावला. माझी मलाच किळस आली आहे. यावर तू माझी समजूत घालू नकोस.

आता काम. तेव्हा प्लॉट बिनशेती असल्याचा एन.ए.चा कागद नव्हता म्हणून सरकारी बँकेने तुला परत पाठवलं होतं. तो कागद आता तुझ्याकडे आहे. मी इथल्या शाखेत जाऊन बसले, व्यवस्थापकाला दोन तास सोडलं नाही. आज त्यांचा दर नऊ टक्के आहे. कर्ज तिकडे नेलं आणि हप्ता आत्ता भरतोस तेवढाच ठेवला, तर मार्च २०३३ ला फिटतं. निवृत्तीच्या आठ महिने आधी. साडेनऊ लाख वाचतात. तरीही त्या घराला तू बेचाळीस लाखांच्या वर मोजलेले असशील, तेव्हा जेवण वगैरे घालायचं काही कारण नाही. दर तिथेही बदलेल. वाढला तर हप्ता वाढवून घ्यायचा, मुदत नाही, हे आजच भिंतीवर लिहून ठेव.

कागदपत्रांचा आणि स्टॅम्पचा खर्च मी करणार. तो माझा दंड आहे, त्यावर वाद घालू नकोस.

शालिग्राम यांना सांगितलंस ते बरं केलंस. तेवढं एक वाचून मला बरं वाटलं.

चिखलीच्या शाखेत जामीनदार लागेल. सही मी करीन. सोमवारी, पाच फेब्रुवारीला, सकाळच्या गाडीने येते. सगळी पानं मी मोठ्याने वाचीन. तू आणि छायाने समोर बसून ऐकायचं आणि कळलं नाही तिथे थांबवायचं. आधी छायाने विचारायचं, मग तू.

मायेचं ते शेवटचं वाक्य तू लिहिलं नाहीस, ते योग्यच केलंस. मीही ते मागत नाही. मॅनेजरला मात्र सांगून ठेव, बाईंना वाचायला वेळ लागेल.

धम्मशीला