चंद्रीची धार

चि. दिनकर,

आपल्या चंद्री म्हशीची कास सुजली तेव्हा डॉक्टर तुझ्यादेखत म्हणाले, "इंजेक्शनं चालू आहेत तोवर हिचं दूध ओतून टाका. हे औषध थोडं थोडं पोटात गेलं की जंतू त्याला सरावतात. मग पोरं खरंच आजारी पडली की औषध लागू पडत नाही."

"व्हय की," तू म्हणालास.

आज दूध कट्ट्यावर तू गिऱ्हाइकांसमोर धार काढत होतास, आणि ते ताजं दूध प्यायला आलेल्या गर्दीमागं मी उभा होतो. म्हैस दिसत नव्हती, पण धारेचा आवाज तुटत तुटत येत होता. सुजलेल्या सडाचीच ती.

"कुठली म्हैस रं?" मी विचारलं.

"गोदी हाय, दादा!" असं आपल्या दुसऱ्या, धडधाकट म्हशीचं नाव घेत तू पेला एका पोरीपुढं धरलास.

चारचौघांत तुझी अब्रू जाऊ नये म्हणून मी घसरल्याचं सोंग केलं आणि पेला, दुधाची चरवी दोन्ही लवंडून दिली. तू हसलास, "पावणं, आमचं दादा म्हातारं झालं की!" मीही हसत चंद्रीला घरी आणलं.

आवाजावरून धार ओळखायला तुला मीच शिकवलं, दिन्या. माझ्या त्याच कानांशी खोटं बोललास.

हे पत्र तुला देणार नाही. उद्यापासून धारेला मी बसेन. तुझ्याऐवजी मी का, असं कुणी विचारलंच तर सांगेन, दिनकरला हल्ली ऐकू कमी येतं.

अजूनही तुझाच,
दादा