पोलंडातलं खेडं आणि आईचं माहेर

अण्णा, तुम्हाला जाऊन इतकी वर्षं झाली, तरी युरोपचा नकाशा दिसला की मी तोंड फिरवते. नवी पेठेतल्या आपल्या खोलीत तुम्ही तो चुलीसमोरच्या भिंतीवर ठोकला होता. पहिल्या मोठ्या लढाईनंतरचा, नवा. शाळेत दिवसभर मास्तरकी करूनही तुमची हौस फिटायची नाही. आई भाकऱ्या थापतेय आणि तुम्ही पाटावरून विचारताय, "पोलंड कुठंय, दाखव." तिचं पिठाचं बोट भलतीकडं गेलं की शेजाऱ्यांना हाक मारायचात, "या, बघा आमचं ध्यान!"

त्यातच वैरागकडनं मामा आला. "दाजी, बा लई थकलाय. आक्काचं नाव घेतोय सारखं. धाडा की तिला." तुम्ही सुपारी कातरत म्हणालात, "धाडतो की. पोलंडातल्या एका खेड्याचा भूगोल-इतिहास देतो. तेवढा पाठ म्हणू दे, मग खुशाल जाऊ दे." मामाला चेष्टा वाटली. तो हसला आणि एकटाच परत गेला.

आईला अक्षर येत नव्हतं. तुम्ही लिहून दिलेला कागद मी वाचायचे, ती भांडी घासताना, दळताना घोकायची. खेडं नदीकाठी. जमीन रेताड, पीक बटाट्याचं. आधी त्यांचाच राजा, मग रशियाचा बादशहा, मग लढाईत जळालं, आता पुन्हा स्वतःचं राज्य.

"म्हंजे आता कुनी अडवायचं न्हाय त्यास्नी?" आईनं विचारलं.

"नाही."

"बरं हाय बाई त्यांचं."

तिनं म्हणून दाखवलं. डोळे मिटून, एक शब्द न चुकता. गाठोडं बांधून दाराशी ठेवलेलं. तुम्ही म्हणालात, "आणि लोकसंख्या?" ती तुम्ही सांगितलीच नव्हती. गाठोडं परत सोडायला लावलंत.

दुसऱ्या दिवशी मामा आला तो डोकं भादरूनच. आई पुन्हा गाठोडं बांधायला लागली. आणि तुम्ही काय म्हणालात? "असू दे. पाठ तर झालं ना!"

अहो, कसायाला तरी दया येते.

पण तुम्ही गेलात तेव्हा ही बाई ऊर बडवून रडली. अजूनही तुमच्याबद्दल वाकडा शब्द काढू देत नाही. "लई शिकल्यालं मानूस व्हतं," म्हणते. आता देवळातनं येईल, त्याआधी हा कागद चुलीत घालते. एवढंच सांगते अण्णा, हल्ली तुमच्यापेक्षा मला तिचाच राग जास्त येतो.