पूर्ण व्हिडिओसाठी दहा ग्रुपवर पाठवा

३ नोव्हेंबर, सोमवार
शिसारी आली. 'आपलं मेडशी' ग्रुपवर कुणीतरी लिंक टाकली. कुठल्याशा कॉलेजच्या मुलीचा 'व्हायरल व्हिडिओ'. आत काही नसतं, नुसती फसवणूक असते, हे मी अॅडमिन म्हणून शंभरदा लिहिलंय. तरी सकाळपासून सात जणांनी मलाच विचारलं, उघडला का म्हणून. लोकांनी लाज विकून खाल्ली.
संकल्प: गाव सायबर-साक्षर करणे.

४ नोव्हेंबर
इंझोरीचे फुलचंदराव रविवारी मुलाला घेऊन आमच्या मंजुषाला पाहायला येणार. माणूस कडक. असं स्थळ पुन्हा मिळायचं नाही. माझं वजन कळावं म्हणून त्यांना ग्रुपमध्ये घेतलं आणि लगेच सावधानतेचा मेसेज टाकला. त्यांनी हात जोडले.

५ नोव्हेंबर, दुपार
चोर माहीत नसेल तर पहारा काय देणार? लिंक उघडली. निव्वळ तपासासाठी. घरी कुणी नव्हतं.
पूर्ण व्हिडिओसाठी दहा ग्रुपवर पाठवा म्हणे. किती नीच लोक. पाठवली. सोयरीक ग्रुप, भजनी मंडळ, सगळे धरून नऊच भरले. दहावा 'आपलं मेडशी'.
उघडला नाही. आणखी पाच मागतात.

४.१०
सगळीकडून काढून टाकली. 'डिलीट फॉर मी' दाबलं. लोकांच्या फोनला हात लावायची आपली सवय नाही. आता कुठेच काही दिसत नाही.

६ नोव्हेंबर
बायकोने स्वतःचा फोन माझ्यापुढे धरला. भजनी मंडळात लिंक तशीच. बायायले हे काय दाखवून राह्यले, असं विचारलं. फोन हॅक झाला म्हणालो. मग हॅकवाल्याने खाली 'उघडला तर कळवा' कायले लिहिलं, म्हणाली. बायकोला टेक्निकल काही कळत नाही.

८ नोव्हेंबर
फुलचंदरावांचा फोन नाही. मंजुषा माझ्याशी बोलत नाही. ग्रुपवर खुलासा टाकला, तर खाली नुसते हसरे चेहरे. घाण मनाची माणसं. पोरीचं स्थळ जाईल याची कुणाला पडलेली नाही.

९ नोव्हेंबर, रविवार
आठ वाजता फुलचंदरावांचा फोन आला. घाईत उचलताना स्पीकर लागला. रागावले नव्हते. हळूच विचारलं, तुमाले उघडला का? मी तेरा ग्रुपवर धाडला, उघडूनच नाही राह्यला.
जीव भांड्यात पडला. आचारविचार जुळले. लवकर या म्हटलं.
मंजुषा कपबशा काढत होती. त्या तिने परत फळीवर ठेवल्या. आईला म्हणाली, असा एक घरी हाय, दुसरा सासरी कायले पाह्यजे? मग माझ्या हातातून फोन घेतला आणि येऊ नका म्हणून तिनेच त्यांना सांगितलं.
आजकालच्या पोरींना माणसाची पारख नाही. फोन अजून तिच्याकडेच आहे.
तेरावरही उघडत नाही, एवढं मात्र कळलं.