तिच्या मागून येणारा फोटो

२ डिसें.
देवळाली प्रवरा. उसातल्या पायवाटेवर ट्रॅप कॅमेरा बांधला. समोर काही हललं की आपोआप फोटो, खाली वेळ. शिरीषदादाची बिबट्यावरची फिल्म. म्हणाला, "हा मिळाला तर पुढच्या फिल्मला, लडाखला, सेकंड कॅमेरा तू." कॉलेज सोडल्यापासून मला पुढचं काही देऊ करणारा हा पहिलाच माणूस.

जागा मी निवडली. वैशाली संध्याकाळी इथूनच डेअरीत दूध घालायला जाते. हे दादाला बोललो नाही.

५ डिसें.
मिळाला!! काल ६.०३ वै., हातात किटली. ६.४१ बिबट्या. त्याच दिशेनं. दादानं उचलूनच घेतलं मला.

७ डिसें.
काल ६.०५ ती. ६.२६ तो.

८ डिसें.
६.०४ ती. ६.१३ तो. तिची पावलं जिथं, तिथंच याची. फोटोत वै. मागं वळून बघतेय. मागं नुसता ऊस. वारा नसावा, एक पान हललेलं नाही.

९ डिसें.
चार मिनिटं.

दादाशी भांडलो. तिला सांगणार म्हटलं. "आपण बघणारे. मधे पडलास की लडाख विसर." ट्रायपॉड आपटला न् निघालो. गेलं लडाख.

१० डिसें.
डेअरीबाहेर गाठलं. एकटी येऊ नको, मागं बिबट्या असतो तुझ्या.

"गेल्या म्हैन्यात साप हुता, त्येच्या आदी पिसाळलेलं कुत्रं. सोबत यायला रोज नवं जनावर गावतं व्हय रे तुला?"

खरंच आधीची दोन्ही खोटी होती.

मोबाईलवर फोटो दाखवले. "हल्ली मोबाईलवर वाघ बी बनवत्यात." मग स्वतःचे दिसले. "रोज माजे फोटू काडतोस? लाज न्हाई?" किटलीचं झाकण फेकून मारलं. कानाजवळ लागलं. लोक हसले.

१२ डिसें.
काल वाटेवर गेलोच नाही. रागानं. खोटाच ना मी, जा मग एकटी.

सकाळी कार्ड काढायला आलो. भिंगावर चिखल थापलेला, बोटं उमटलेली. तिचीच.

कालचे तीन फोटो. पहिल्यात तिचा चिखलाचा हात, भिंगाकडे येणारा. बोटांच्या फटीतून मागचा ऊस, जरा फाकलेला. ६.०४.

मग काळा. ६.०५.
परत काळा. ६.०५.

एक ती पुढं गेली तो. दुसरा

बांधावर बसून लिहितोय. फोन लावला, उचलत नाही. माझा तसा ती कधीच उचलत नाही.