बगळा सोडून बाकी सर्व

मी, पुंडलिक गोमा कोठेकर, वय वर्षे एकाहत्तर, धंदा पूर्वी मिठागर आणि खारातली शेती, हल्ली दुपारचा खेळ, राहणार गडब, तालुका पेण, जिल्हा रायगड, हे मृत्युपत्र राजीखुशीने, स्वतःच्या हाताने लिहून ठेवतो. माझे डोके जाग्यावर आहे. पत्नी पुतळी हिचे मत निराळे आहे, पण ते लग्नाच्या दुसऱ्या दिवसापासून निराळे आहे, म्हणून कोणी त्याचा आधार धरू नये. येत्या गुरुवारी पनवेलला माझ्या छातीचे ऑपरेशन आहे. डॉक्टर म्हणाले, काळजीचे काही नाही, आणि तीन कागदांवर माझ्या सह्या घेतल्या. तेव्हा म्हटले, आपणही एक कागद करावा.

शाळा तिसरीपर्यंत. पुढचे वाचन मिठाच्या गोण्यांवर आणि वाण्याच्या पुड्यांवर झाले. कुठे चुकले तर अक्षर सोडून अर्थ बघावा.

कलम १. राहते घर, मागचे दोन आंबे आणि बँकेतली ठेव पुतळीची. ती आहे तोवर "आई, आता रोह्याला चल" असा घोशा कोणी लावू नये. जायचे झाले तर ती स्वतः पिशवी भरेल. तिच्यामागे हे सर्व रोह्याला दिलेली आमची मुलगी सरू हिचे.

कलम २. खारातली, म्हणजे खाडीलगतची बांधाआडची, जमीन माझ्यामागे लगेच सरूला. अट एक. उधाणाच्या दिवसांत बांधावर माणूस पाठवायचा. बांधाला खांड पडली, म्हणजे बांध फुटून खाडीचे पाणी शेतात शिरू लागले, की ज्याच्या कानावर हाक येईल त्याने हातातला घास टाकून धावायचे. शेत कोणाचे ते नंतर विचारायचे. हा आमच्याकडचा कायदा, कुठल्या पुस्तकात नाही. वाचणाऱ्याने तो ध्यानात ठेवावा, पुढे लागणार आहे.

कलम ३. माझे लांब दांड्याचे फावडे गावच्या बांधासाठी. देवळाच्या पडवीत ठेवावे. कोणी शोभेला भिंतीवर टांगू नये.

कलम ४. संगणक, हेडफोन आणि 'नवखंड' या खेळातले माझे खाते नात किमया, म्हणजे सरूची मुलगी, हिला. करोनात सगळे घरात कोंडले गेलो तेव्हा तिनेच मला हा खेळ लावून दिला. "आजोबा, बाहेर जायचं नाय ना, मग हितं हिंडा," म्हणाली. तेव्हापासून हिंडतो आहे.

ज्यांना हा खेळ ठाऊक नाही, म्हणजे पुतळी आणि कोर्ट, त्यांच्यासाठी थोडे सांगतो. नवखंडात सहा कुळे राहतात आणि प्रत्येकाचे आपापले वाहन आहे. मी माणसांच्या कुळातला, म्हणून घोडा आपसूक मिळाला. दुसऱ्या कुळाचे वाहन नुसती थैली दाखवून मिळत नाही. त्यांच्यात पत कमवावी लागते. नवी सून सासरी वागते तसे वागायचे. त्यांचे पाणी भरा, हरवलेली शेरडे शोधून आणा, त्यांच्या वैऱ्याशी लढा, नावे ठेवली तर ऐकून घ्या. असे करत माणूस 'परका' असतो तो 'ओळखीचा' होतो, मग 'सोयरा', आणि शेवटी 'घरचा'. घरचा झाला की तबेल्याचे दार उघडते.

मी चार कुळांत घरचा झालो. डोंगरातल्या बुटक्यांचा मेंढा, त्यासाठी सात महिने त्यांच्या खाणीतले धोंडे वाहिले. लांबकान्यांचे हरिण. शिंगवाल्यांचा गवा. यंत्रवाल्यांचा पितळी टोळ, जो उडी मारताना असा खडखडतो की पुतळी आतून विचारते, "भांडी पडली का वो?" किमयाने चौघांनाही फिरवावे, पण मेंढ्यावर आधी बसावे. तो मानी आहे.

सहावे कूळ दलदलीतल्या पाणलोकांचे. त्यांचा पांढरा बगळा घराएवढा उंच असतो आणि चिखलावरून चालला तर ठसा उमटत नाही. तो माझ्याकडे नाही. फारुखकडे आहे.

कलम ५. फारुख हसन मुकादम, राहणार कासू. माझा चाळीस वर्षांहून जुना मित्र आणि चार महिन्यांचा वैरी. मस्कतला नोकरी करून बऱ्याच वर्षांपूर्वी परत आला. घरी बसून कंटाळला तेव्हा हा खेळ मीच त्याला शिकवला. दुपारची जेवणे झाली की तीन वाजता तो कासूत, मी गडबला, कानाला हेडफोन लावून दोघे नवखंडात.

गणपती गेले त्या आठवड्यात आम्ही पहिल्यांदा पाणलोकांच्या वेशीवर पोचलो. समोर मातीचा बांध, बांधाला खांड, आणि पाणी धो धो आत शिरत होते. मी कशाला थांबतो! घोड्यावरून उतरलो आणि दगडमाती टाकत सुटलो.

"पुंडलिका, थांब रं," फारुख कानात ओरडला. "आधी कुणाला तरी इचार!"

"खांड पडल्यावर इचारत बसतात काय? मस्कतला बसत असतील."

अर्ध्या तासात असा बांध बुजवला की माझ्या बापाने पाठ थोपटली असती.

मग कळले. ती खांड नव्हती, पाणलोकांची भरतीची वाट होती. त्या पाण्यात त्यांची अंडी असतात. पाणी तुटले, अंडी सुकायला लागली. पडद्यावर अक्षरे आली की पाणलोकांच्या लेखी मी आता 'वैरी' आहे. परक्याच्याही खाली एक पायरी असते हे मला तोवर ठाऊक नव्हते. भाले घेऊन आले आणि मी मेलो. खेळात.

माझे मढे तिथे पडलेले असताना फारुखने काय केले? मी बुजवलेली वाट उकरून मोकळी केली. पाणी आत गेले, पाणलोक नाचले, आणि याची पत एका दमात सोयऱ्यापर्यंत चढली. आठवड्याभरात गडी घरचा! आयत्या बिळावर नागोबा.

पहिल्याच दिवशी बगळ्यावर बसून माझ्याभोवती गोल फिरला. "बघ रं, कसा दिसतो?"

"माझ्या मढ्यावर पाय देऊन चढलास त्याच्यावर."

"मी पाणी सोडलं नसतं तर ती सगली अंडी तुझ्या नावावर गेली असती, येड्या."

मी हेडफोन काढून ठेवला. त्यानंतर बोलणे नाही.

माझ्या पोटात दुखते हे मी या कागदावर कबूल करतो. दुखणे जुने आहे. मस्कतचे घड्याळ त्याला, हिंदी, अरबी बोलणे त्याला, म्हातारपणी केसही त्यालाच. माझ्याच घरात बघा. मला इथे घरचा व्हायला निम्मे आयुष्य लागले. हा उंबऱ्यात दिसला की पुतळी न विचारता तांदळाची भाकरी टाकते. "फारुखभाऊ, अजून एक घ्या." आणि मला? "अवो, पुरे ना?" गेल्या चार महिन्यांत तो आला नाही, तरी बोंबलाची चटणी केली की ती एकदा रस्त्याकडे बघते. तेही मला दिसते.

आणि ज्याने जन्मात चिखलात पाय घातला नाही, त्याला चिखलाचा पक्षी मिळावा!

वरचे वाक्य पुतळीने वाचले. म्हणाली, "खोटं लिवू नका. मेल्यावर खोडता नाय येत." म्हणून खरे काय ते लिहितो. सरू पाळण्यात होती त्या साली, श्रावणातल्या उधाणाला आमच्या खारात खांड पडली. फारुख रजेवर आला होता आणि मस्कतची नवी निळी पँट दाखवायला आमच्या ओटीवर बसला होता. हाक आली तसा माझ्या आधी धावला. छातीभर पाण्यात उभा राहून पेंढ्याचे भारे खांद्याने रेटून धरले, आणि मी मागून माती टाकली. ओहोटी लागेस्तोवर हलला नाही. शेत माझे होते. त्याने विचारलेही नव्हते.

गावाने वर्षभर त्या पँटीचे गुण गायले. माझ्या मातीबद्दल कोणी चकार शब्द काढला नाही. तेव्हाही माझ्या पोटात दुखले होते.

कलम ६. किमयासाठी. घर देता येते, जमीन देता येते, न कमावलेली पत देता येत नाही. ती ज्याची त्यानेच चढायची. खाते घेशील तेव्हा पाणलोकांत माझी जी पायरी असेल तिथून तुला चालावे लागेल, याबद्दल आजोबाला माफ कर. गेले तीन महिने मी एकटाच दलदलीबाहेरच्या तळ्यातले शेवाळ काढतो, वाट चुकलेली पिल्ले वेशीपर्यंत सोडतो आणि भाले दिसले की पळतो. गेल्या सोमवारी पडद्यावर आले, तुम्ही आता 'परका' आहात. मी इतक्या मोठ्याने ओरडलो की पुतळी पाणी घेऊन धावली. परका म्हटल्यावर एवढा हरखलेला माणूस पेण तालुक्यात दुसरा नसेल. मी परत आलो तर पुढचे मीच चढेन. नाही आलो तर तू चढ. बांध दिसला तर आधी विचार.

कलम ७. फारुख हसन मुकादम याला मी काहीही ठेवत नाही. मेंढा नाही, फावडे नाही, आंब्याची कोयसुद्धा नाही. कारण असे. पेणला कागद करणाऱ्या बाईंनी सांगितले की साक्षीदार दोन लागतात, आणि ज्याला काही मिळणार त्याने साक्षीदार होऊ नये. मला त्याची सही हवी आहे. म्हणून दुसऱ्या साक्षीदाराची जागा मोकळी सोडली आहे आणि तिथे दुसऱ्या कोणाला बसवू नये. तो आला नाही तर हा कागद कच्चा राहील.

पुतळी म्हणते, "घर नि जमीन त्या एका सहीवर टांगलीत?"

व्हय गो, टांगली.

तिने त्याला फोन केला आहे. तो काय म्हणाला ते सांगत नाही. पीठ मात्र मळायला घेतले आहे.

बगळा त्याच्याखाली शोभतो. हे मला सहन होत नाही, आणि ऑपरेशननंतरही होईल असे वाटत नाही.

ठिकाण गडब, तारीख १९ जानेवारी २०२५, रविवार.

सही: पुंडलिक गोमा कोठेकर

लिहून ठेवणाऱ्याने आमच्यासमोर सही केली, तो शुद्धीवर होता आणि भांडत होता, याचे साक्षीदार:

१. हैबतराव, शेजारी, गडब. (सही)

२. फारुख हसन मुकादम, कासू. (सही) सगळं वाचलं. पँट निळी नव्हती, करडी होती. उद्या तीनला दलदलीच्या वेशीवर ये. घरच्या माणसाबरोबर परका गेला तर भाले मारत नाहीत, आणि पत दुप्पट चढते.

वरचा मजकूर साक्षीदाराने मला न विचारता लिहिला आहे. तो खोडू नये. पँट निळीच होती. पुं. गो. को.