तळघराची उंची

शुक्रवार, १४ मार्च

प्रिय बारके,

अनेक आशीर्वाद. इकडे सगळे ठीक. यांच्या गुडघ्याचं जिन्याशी भांडण मिटलंय, म्हणून पत्र त्यांच्याच हाती पाठवते आहे. फोन का नाही केलास म्हणशील, तर फोनवर मला सहज खोटं बोलता येतं.

आईच्या खोलीसाठी तुझ्या तळघराच्या परवानगीची फाइल माझ्या टेबलावर आली तेव्हा तू किती खूश झाली होतीस! "घरचंच माणूस आहे ऑफिसात." नात्यातली फाइल खरं तर दुसऱ्याकडे द्यायची असते. मी दिली नाही.

पहिल्यांदा परत केली ते योग्यच होतं. तळघरात कोणी झोपणार असेल तर अडीअडचणीला बाहेर पडता येईल एवढी खिडकी लागते, आणि तुझ्या नकाशात नुसता झरोका होता. तू चांगली मोठी खिडकी करून घेतलीस. चिडली असशील, पण ते आईच्याच भल्याचं होतं.

मग मंगळवारी मी पाहणीला आले. तू कामावर होतीस. आई मला हाताला धरून खाली घेऊन गेली. कपाट इथे, शिलाई मशीन खिडकीपाशी, उजेडात. पलंगाची जागा तिने शिवणाच्या खडूने फरशीवर आखून ठेवली होती. बाबांच्या फोटोसाठी भिंतीत स्वतः खिळा ठोकला होता.

बारके, माझ्याकडे ती सात वर्षं राहिली. एक खिळा नाही. कपाटाचे दोन खण मी रिकामे करून दिले होते, त्यात तिने वर्तमानपत्र अंथरलं आणि कपडे ठेवले बॅगेतच. विचारलं की म्हणायची, "असू दे गं, पाहुण्याला कशाला कपाट?" तुझ्याकडे गेल्या वर्षी आठ दिवसांसाठी म्हणून गेली ती तिथेच राहिली. आणि आता परवानगीसुद्धा न मिळालेल्या तळघरात खिळे ठोकत फिरते! माझ्या पोटात दुखलं, सरळच सांगते. लहानपणी तुझ्या फ्रॉकला झालर लावायची आणि मला "तू शहाणी आहेस" म्हणायची, तेव्हा दुखायचं अगदी तसंच.

मी टेप काढली. खालचं टोक आईनेच फरशीला धरलं. छतापर्यंत सात फूट दोन इंच भरले असते, आणि लागतात सात. मी टेप तुळईखाली लावली आणि सहा फूट आठ इंच लिहिलं. तुळई तेवढी खाली आलेली चालते, नियमात तशी सूट आहे. तेवीस वर्षं मी ती सूट येईल त्या माणसाला समजावून सांगते आहे. तुला सांगितली नाही. 'उंची अपुरी' असा शेरा मारून फाइल परत पाठवली. कुंपणानेच शेत खाल्लं म्हण.

आईने जन्मभर लोकांची मापं घेतली आहेत. ती टेपच्या वरच्या टोकाकडे बघत होती. म्हणाली, "झालं मोजून? की परत मोजायचंय?"

"झालं," मी म्हटलं.

मग तिने चहा केला. मी तो प्यायलेसुद्धा.

काल तुझा निरोप आला, सोमवारी गवंडी फरशी फोडून चार इंच खाली खणणार. बारके, फोडू नकोस. घराच्या पायाला लागून खणलंस तर भिंतींना धोका, आणि तोही माझ्या खोट्या शेऱ्यापायी. आज सगळं साहेबांना लेखी दिलं आहे. फाइल शेजारच्या टेबलावर गेली, बुधवारी तिथले साहेब मोजायला येतील. माझं काय व्हायचं ते होईल.

मन मोठं झालं वगैरे काही नाही. तुझा राग अजून आहे, तिचाही आहे. त्या खडूच्या रेघा आठवल्या की अजून जळते. पण त्या रेघांवर पहार चालवायची म्हटल्यावर मला जेवण गेलं नाही.

बुधवारी मीही येईन, माझ्या हातात टेप नसेल. हे पत्र आईला वाचून दाखव. आणि तिला सांग, थोरली म्हणते, परत मोजायचंय.

तुझी
ताई